चोवीस पक्ष्यांचं कापड

जेरार्ड तुस्कानोच्या जिभेला हाड नव्हतं आणि त्याचं पोटही त्याच जिभेवर चालायचं. तरुणपणी वसईत गावातल्या लग्नांत माईक हातात धरून तो पाहुण्यांना हसवायचा. पुढे अबुधाबीतल्या एका हॉटेलात बँक्वेट कॅप्टन म्हणून बावीस वर्षं काढली. तिथेही कुणाचा वाढदिवस असो नाहीतर एखाद्या कंपनीचं वार्षिक जेवण, दोन शब्द बोलायची वेळ आली की सगळे त्यालाच पुढे ढकलायचे. कोरोनात हॉटेलने निम्मी माणसं घरी पाठवली, त्यात जेरार्ड गेला. चौपन्न वर्षांच्या माणसाला नवी नोकरी कोण देतो? पण बोलणाऱ्याची माती विकते आणि न बोलणाऱ्याचं सोनंही विकत नाही म्हणतात. वर्षभर कुणाच्या तरी हॉलमध्ये गादी टाकून झोपल्यावर त्याला काम मिळालं, आणि तेही बोलण्याचंच.

काम एका फार्मवर होतं. दुबईहून अल ऐनकडे जाताना हायवे सोडून वाळूत आत शिरलं की तारेचं कुंपण लागतं. कुंपणापलीकडे बावीस अल्पाका आणि नऊ लामा. उंटाचीच चुलत भावंडं ही, फक्त पाठीवर वशिंड नाही आणि अंगभर दाट लोकर. मूळची पेरू देशातल्या उंच, थंड डोंगरांतली. कुणा अरबाबाला, म्हणजे इथल्या श्रीमंत मालकाला, हौस आली आणि त्याने ती विमानाने आणवली. उन्हाळ्याचे चार महिने बिचारी एसीच्या शेडमध्ये कोंडलेली असतात आणि हुं हुं असा बारीक आवाज काढत राहतात. ऑक्टोबरात फार्म उघडतो. मग शाळांच्या बस येतात, अल बर्शा, करामा, शारजाहून गाड्या भरभरून कुटुंबं येतात. जेरार्ड छातीवर 'गेस्ट रिलेशन्स'चा बिल्ला लावून फाटकात उभा. "हा लामा. नाही मॅडम, हा प्रवचन देत नाही, नुसता थुंकतो," हा त्याचा ठरलेला विनोद होता आणि लोक दर वेळी हसायचे.

खरं आकर्षण फेरीच्या शेवटी यायचं. खजुराच्या झावळ्यांनी शाकारलेली एक झोपडी आणि तिच्यात जमिनीवर पाय पसरून बसलेली सातुर्निना. पन्नाशीची, बुटकी, दोन वेण्या पाठीवर एकत्र बांधलेली. फार्मने तिला पेरूहून विणकाम दाखवायला आणलं होतं. तिचा माग म्हणजे चार काठ्या आणि दोऱ्या. एक टोक खांबाला, दुसरं टोक पट्ट्याने तिच्या कमरेला. ती मागे रेलली की धागे ताठ व्हायचे, पुढे वाकली की सैल. लामाच्या हाडाच्या टोकाने धागे ठोकत ती दिवसाला चार बोटं कापड विणायची. त्या कापडाला चारी बाजूंनी काठ असे, त्याला कात्री म्हणून लागायची नाही. त्यांच्यात विणलेलं कापड कधीच कापत नाहीत, कापड जिवंत असतं, असं ती म्हणायची. जेरार्ड सुरुवातीला पाहुण्यांना हे सांगत असे. पण एकदा एका बाईंनी विचारलं, "मग याचा कुर्ता नाही का शिवता येणार?" आणि हातातलं कापड खाली ठेवलं. त्या दिवसापासून त्याने ते सांगायचं सोडून दिलं.

सातुर्निनाला इंग्लिश येत नव्हतं, हिंदी तर नाहीच. जेरार्ड फोनवरच्या अ‍ॅपवरून आणि तिच्या तोंडून स्पॅनिश शिकला. वसईच्या माणसाच्या तोंडात पोर्तुगीजांचे शब्द आधीच बसलेले, जीभ लवकर वळली. पहिल्या वर्षी तो तिला नक्ष्यांचे अर्थ विचारायचा. ती सांगायची, ही नांगराची सरी, हे तळं, हे कुत्र्याचं पाऊल. आता नांगराच्या सरीला कोण दिरहॅम मोजणार? म्हणून जेरार्डने सरीची राजकन्येची वाट केली, तळ्याचा सूर्यदेवाचा डोळा केला आणि कुत्र्याच्या पावलात एका शूर योद्ध्याला घुसडलं. माल खपू लागला. मग तिला विचारायचं कारणच उरलं नाही. खोटं बोल पण रेटून बोल, एवढंच धंद्याचं सूत्र.

तसा माणूस वाईट नव्हता हो. रविवारी स्टाफच्या व्हॅनने दोघं चर्चला जायची, शेजारी बसायची. तिथे प्रार्थना इंग्लिशमधून चालायची. हा मनात मराठीत म्हणायचा, ती ओठांतल्या ओठांत तिच्या भाषेत. परत येताना एकदा त्याने तिला पर्लचं सांगितलं होतं. पर्ल त्याची बायको. २०२०च्या मे महिन्यात वसईच्या हॉस्पिटलात वारली तेव्हा विमानं बंद होती. जेरार्डने तिचा अंत्यविधी फोनवर पाहिला. मूठभर माती टाकायची वेळ आली आणि नेटवर्क गेलं. पुन्हा चित्र आलं तेव्हा खड्डा भरून झाला होता आणि भाचा कॅमेऱ्यात बघून "अंकल, दिसतंय का?" असं विचारत होता.

सातुर्निनाने सगळं ऐकून एकच प्रश्न विचारला होता. "तिच्या अंगावर काय होतं?"

"निळी साडी. आदल्या वर्षी मी मीना बाझारमधून घेऊन पाठवलेली."

"मग बरं झालं," ती म्हणाली. "तुझ्या हातचं काहीतरी तिच्याबरोबर गेलं."

चार वर्षांत कितीतरी लोकांनी जेरार्डचं सांत्वन केलं होतं, देवाची इच्छा वगैरे. एकाही शब्दाने त्याला झोप लागली नव्हती. या एका वाक्याने लागली. तेव्हापासून रात्री पर्लचा विचार आला की तो त्या निळ्या साडीचा विचार करायचा आणि कूस बदलून झोपायचा.

गेल्या फेब्रुवारीत सातुर्निनाचा मुलगा वारला. विल्बर त्याचं नाव, वय चोवीस. डोंगरातल्या खाणीत कामाला होता, छत खाली आलं. फोन आला तेव्हा ती मागावर बसलेली होती आणि समोर एका शाळेची पन्नास मुलं होती. तिने कमरेचा पट्टा सोडायचा प्रयत्न केला, गाठ सुटेना, तेव्हा ती त्या मागाला बांधलेल्या अवस्थेतच आडवी झाली. मुलांना वाटलं, हाही कार्यक्रमाचाच भाग. काहींनी टाळ्या वाजवल्या.

जेरार्ड धावत मॅनेजरकडे गेला. फैज नावाचा हा मॅनेजर, तसा गोडबोल्या. "बहुत बुरा हुआ, जेरार्ड भाई. लेकिन सीझन है. अभी लूम पे कौन बैठेगा? ईद के बाद भेजूँगा, इन्शाल्ला." जेरार्ड झोपडीत परतला. सातुर्निना त्याच्या तोंडाकडे बघत होती. "साहेब म्हणतात तिकीट मिळत नाहीये," त्याने सांगितलं. तिला बरं वाटावं म्हणून, आणि थोडं स्वतःलाही सोपं जावं म्हणून. तिने मान हलवली. विमानाचं कुणाच्या हातात असतं? तिसऱ्या दिवशी विल्बरला पुरलं. ईद झाल्यावर फैजने खरोखरच तिकिटाची गोष्ट काढली, तर ती म्हणाली, "आता कुणाला बघायला जाऊ? पुढच्या एप्रिलमध्ये करार संपेल तेव्हाच जाईन."

त्यानंतर तिने बोलणं कमी केलं आणि काम वाढवलं. पहाटे फार्म उघडायच्या आधी ती शेडमागे बसायची. स्वतः कातलेलं सूत, स्वतः लाल रंगवलेलं, आणि दिवसाच्या मागाहून निराळा एक माग. जेरार्ड पहाटे जनावरांची हजेरी घ्यायला जाताना तिला पाहायचा. वर्षभर पाहिलं. एकदाही विचारलं नाही, बाई, हे काय विणतेस? विचारलं असतं तर ही गोष्ट इथेच संपली असती आणि मला लिहायचं काम पडलं नसतं.

जानेवारीतला एक शनिवार. हवा गार, फार्मवर माणूस मावेना इतकी गर्दी. दुपारी फेरी संपवून जेरार्ड झोपडीपाशी आला तेव्हा सातुर्निना जेवायला गेली होती. त्याच्या मागून एक बाई मुलीला घेऊन आत आल्या आणि मुलीला म्हणाल्या, "ईशानी, हात नको लावूस, विचार आधी."

मराठी! जेरार्डचा चेहराच उजळला. "लावू दे हो ताई, लावू दे. मी वसईचा."

"अय्या, हो का? आम्ही पुण्याचे. अल बर्शाला असतो," बाई म्हणाल्या. त्यांचं नाव शुभ्रा साठे, एका बँकेत होत्या. "इतक्या लांब वाळवंटात मराठी ऐकून किती बरं वाटतं."

महिनोन् महिने इंग्लिश आणि हिंदीत तेच तेच विनोद करणाऱ्या माणसाला आपल्या भाषेतलं कुणी भेटलं की तो वाहवत जातो, तसं जेरार्डचं झालं. आपल्या माणसाला झोपडीसमोरच्या फार्मच्या दुकानातला माल कसा दाखवायचा? दुकानाच्या दाराशी टोपलीत मशीनवर केलेले रनर पडलेले असत. टेबलावर अंथरायच्या त्या पट्ट्या, दुबईतल्या डेरा बाजारातल्या होलसेलवाल्याकडून आणलेल्या. पस्तीस दिरहॅमला एक, दोनवर एक फ्री. लोकर औषधालाही नाही, सगळा नायलॉनचा भाऊबंद. सातुर्निना त्यांना प्लास्टिक म्हणायची आणि त्या टोपलीकडे पाठ करून जायची. तिच्या हातचं तर सीझनमध्ये सगळं विकलं गेलं होतं.

आणि तेवढ्यात ईशानीने बाकावर घडी करून ठेवलेलं कापड उलगडलं.

लाल. निवडुंगावरच्या किड्यांपासून काढतात तो खोल लाल. त्यावर ओळीने पांढरे पक्षी. पहिला अगदी इवलासा, पंखही नसलेला, मग एकेक थोडा मोठा होत गेलेला. शेवटचा मान मागे वळवून बघणारा. "ममा, लुक! ट्वेंटी फोर बर्ड्स," ईशानीने मोजून सांगितलं.

"अंकल, हे किती सुंदर आहे. हे काय असतं?" शुभ्राने विचारलं.

कापडाला किमतीची चिठ्ठी नव्हती. जेरार्डने पाहिलं ते. लावायची राहिली असेल, असं मनाशी म्हणाला आणि उचलली जीभ लावली टाळ्याला. "हे दुकानात ठेवतच नाहीत, ताई. हे लग्नाचं कापड. मुलगा बोहल्यावर चढायच्या आधी त्याची आई हे विणते. एकेक पक्षी म्हणजे एकेक आशीर्वाद. आणि हा शेवटचा बघा, मागे वळून बघतोय. नवरामुलगा आईचा निरोप घेतोय."

शुभ्राच्या डोळ्यांत पाणी आलं. "सहाशे दिरहॅम," जेरार्ड म्हणाला. "म्हणजे चौदा हजार," ती पुटपुटली, आणि लगेच म्हणाली, "असू दे. असं पुन्हा कुठे मिळणार?" त्याने तिला चहा पाजला, ईशानीला अल्पाकाच्या पिल्लाजवळ नेऊन फोटो काढून दिला आणि बिलावर फोन नंबर लिहून घेतला.

तासाभराने सातुर्निना त्याला शोधत दुकानात आली. हात रिकामे, चेहरा पांढराफटक. "बाकावरचं कापड कुठे आहे, हेरार्दो?"

जेरार्डला ती हेरार्दो म्हणायची. "आहे ना. ऑफिसात नीट ठेवलंय. गर्दी होती म्हणून."

ती दाराच्या चौकटीला टेकली. छातीवर क्रूस केला. मग हळूहळू सांगू लागली. विल्बरच्या वर्षाच्या मिस्सेला, चर्चमधल्या प्रार्थनेला, आता चार आठवडे राहिले. तिच्या गावची रीत अशी की त्या दिवशी कबरीवरची हातभर माती उकरतात, आईने विणलेलं कापड त्याच्यावर पसरतात आणि माती पुन्हा ओढतात. डोंगरात थंडी फार, आणि पहिलं वर्ष मेलेल्याला थंडी वाजते. एका वर्षाला एक पक्षी, असे चोवीस. शेवटचा मागे बघणारा, कारण तो आईची वाट बघत गेला. "तू कुरियरने माझ्या बहिणीला पाठवशील? मला ते फॉर्म कळत नाहीत."

"पाठवतो की. यल्ला, उद्याच," जेरार्ड म्हणाला. पायाखालची वाळू सरकते म्हणजे काय ते वाळवंटात चार वर्षं राहून त्याला त्या दिवशी कळलं.

तीच वेळ होती. तेव्हाच तिचे पाय धरले असते तर? पण आयुष्यभर बोलून वेळ मारून नेलेल्या माणसाला पाय धरायची सवय नसते. त्याला वाटलं, कापड परत आणू, तिला कळणारही नाही. रविवारी चर्चहून परतल्यावर फार्मवर गर्दी, पुन्हा बाहेर पडता येईना. दोनदा शुभ्राला फोन लावला, तिने उचलला नाही. सोमवारी सुट्टी होती, तेव्हा सकाळीच लागला. "ताई, त्या कापडात एक डिफेक्ट निघालाय. ते परत द्या, मी तुम्हाला दुसरं देतो."

"अहो अंकल, मला तर एकही डिफेक्ट दिसला नाही. आणि ते मी शनिवारी संध्याकाळीच मुनीरकडे दिलं. मीना बाझारमधला टेलर. म्हटलं, कपाटात ठेवून काय करायचं? छान जॅकेट शिवून घेते."

पुण्याची बाई ती. इरकल असो, खण असो नाहीतर कुणी परदेशातून आणलेलं कापड, आधी हातात धरून मनाशी ठरवायची, याचं काय शिवता येईल. त्यात तिचा काय दोष? कापड कापायचं नसतं हे तिला कुणी सांगितलंच नव्हतं. ज्याने सांगायचं त्यानेच ते सांगायचं सोडलं होतं.

जेरार्डने व्हॅन पकडली, मग मेट्रो, आणि बर दुबईला उतरून मीना बाझारच्या गल्लीत धावत सुटला. मुनीरचं दुकान जिन्याखाली होतं. मुनीर चष्मा कपाळावर चढवून शिलाई करत होता.

"शुभ्रा मॅडम का लाल कपडा? कल काट दिया, साहब. क्या कपडा था! कैंची चलाने को दिल नहीं कर रहा था." त्याने मशीनवरून उचलून दाखवलं. दोन बाह्या, पाठ, दोन पुढचे भाग. खडूच्या खुणा अजून तशाच.

"इसे वापस जोड सकते हो? पहले जैसा?"

मुनीरने त्याच्याकडे बघितलं, चेष्टा आहे की काय म्हणून. "कटा हुआ कपडा पहले जैसा कैसे होगा?"

जेरार्ड स्टुलावर बसला. निघताना त्याने कातरणांची पिशवी मागितली आणि लाल तुकडे वेचून काढले. गळ्याच्या आणि बगलांच्या कापात पाच पक्षी गेले होते. मागे वळून बघणारा मानेतूनच कापला गेला होता, त्याचे दोन तुकडे वेगवेगळे सापडले. ते सगळं त्याने रुमालात बांधलं.

सत्य सांगून काय होणार, असा हिशोब त्याने परतीच्या मेट्रोत केला. अकरा महिन्यांचं काम चार आठवड्यांत पुन्हा होत नाही. जे होऊ शकत नाही ते तिला सांगून तिचा जीव कशाला घ्यायचा? अशी दयेच्या वेषातली भीती फार गोड बोलते. मंगळवारी सकाळी दुकान उघडायच्या आधी त्याने टोपलीतून एक लाल रनर काढला, त्याची चिठ्ठी तोडली, ब्राउन पेपरात गुंडाळला आणि सातुर्निनाने दिलेल्या पत्त्यावर कुरियर केला. पावती तिच्या हातात दिली. पावती तरी खरी होती.

फेब्रुवारीत मिस्सा झाली. बहिणीचा फोन आला, लाइन खरखरत होती. पार्सल पोचलं, लाल कापड मातीत पसरलं, पाद्रींनी प्रार्थना केली, एवढं कळलं आणि कट झाला. सातुर्निनाने फोन खाली ठेवला, जेरार्डचे दोन्ही हात धरले आणि कपाळाला लावले. त्या रविवारी तिने चर्चमध्ये दोन मेणबत्त्या लावल्या, एक विल्बरची आणि एक पर्लची. त्या आठवड्यात ती वर्षाने पहिल्यांदा पोटभर जेवली. विणताना गुणगुणायलाही लागली. फैज म्हणाला, "माशाल्ला, अब गेस्ट लोग खुश होंगे." जेरार्डला मात्र झोप येईनाशी झाली. पर्लचा विचार आला की निळी साडी डोळ्यांपुढे यायची नाही, लाल नायलॉन यायचं.

मार्चच्या पहिल्या शनिवारी तो फाटकात उभा होता आणि एका पांढऱ्या गाडीतून शुभ्रा उतरली. अंगात जॅकेट.

"सरप्राइज! अंकल, बघा ना. ऑफिसात सगळ्यांनी विचारलं कुठून घेतलं. म्हटलं, थंडी संपायच्या आत घालून त्या मावशींना दाखवून येऊ. त्यांच्यासाठी मी तिळाच्या वड्या आणल्यात." हातात डबा होता. ईशानी मागून आली. "वेअर इज द वीव्हिंग लेडी?"

"ताई, आज ती... आज तिची तब्येत बरी नाही," जेरार्ड म्हणाला. पण ईशानी पुढे पळाली होती, झोपडीचं दार उघडं होतं आणि आत मागावर ठोकायचा आवाज चालू होता. शुभ्रा तिच्या मागे गेली. हिला खरं सांगून गाडीत बसवायला ती पन्नास पावलं होती. जेरार्ड ती पन्नास पावलं नुसता चालत गेला.

सातुर्निनाने मान वर केली. पाहुण्यांना द्यायचं हसू ओठांवर आलेलंच होतं, ते तिथेच राहिलं. तिने कमरेचा पट्टा सोडला, उठली आणि शुभ्राजवळ आली. बोट उचलून तिने डाव्या बाहीवरच्या पहिल्या, बिनपंखी पक्ष्यावर ठेवलं. मग दुसऱ्यावर. बाहीवरून खांद्यावर, शिलाईपाशी थांबून, पाठीवर, पुन्हा पुढे. ओठ हलत होते. ती मोजत होती. शुभ्रा गुदगुल्या झाल्यासारखी हसली आणि आशीर्वाद घ्यावा तशी किंचित वाकली.

एकोणीसवर बोट थांबलं. सातुर्निना जेरार्डकडे वळली आणि स्पॅनिशमध्ये, अगदी हळू म्हणाली, "पाच कुठे आहेत?"

"काय म्हणतायत त्या?" शुभ्राने विचारलं. "सांगा ना, अंकल."

दोन बायका त्याच्या तोंडाकडे बघत होत्या. "म्हणतायत," जेरार्ड म्हणाला, "तुम्हाला फार शोभून दिसतं."

शुभ्राने तिला मिठी मारली. ईशानीने फोटो काढला. त्या फोटोत सातुर्निना हात खाली सोडून उभी आहे. वड्यांचा डबा बाकावर ठेवून, टाटा करून मायलेकी लामा बघायला गेल्या.

जेरार्ड स्टाफरूममध्ये गेला, लॉकर उघडलं, पर्लच्या फोटोमागे ठेवलेला रुमाल काढला. परत आला तेव्हा सातुर्निना खाली बसली होती. त्याने रुमाल तिच्या मांडीवर ठेवला. तिने गाठ सोडली. चार पक्षी ओळीने लावले. पाचव्याचे दोन तुकडे मानेशी जुळवून पाहिले, बोट उचललं की ते पुन्हा सुटायचे. ती रडली नाही. रडली असती तर जेरार्डला माफी मागता आली असती.

"मी विकलं," तो म्हणाला. "मला माहीत नव्हतं. मी विचारलंच नाही."

बाहेर कुणाचं तरी पोर अल्पाकाला गाजर भरवत खिदळत होतं.

"माझ्या बहिणीला पार्सल मिळालं," ती शेवटी म्हणाली. "तिने ते उलगडलं. त्याच्यावर पसरलं. माती ओढली."

"हो."

"मग माझ्या मुलाच्या अंगावर काय आहे?"

जेरार्डच्या तोंडाशी तीन-चार उत्तरं आली, नेहमीसारखी, आयती. तुझंच एक जुनं कापड होतं, असं म्हणता आलं असतं. तिने कदाचित मानलंही असतं. पण ती त्याच्याकडे ज्या डोळ्यांनी बघत होती ते व्हॅनमध्ये पर्लच्या साडीबद्दल विचारणारेच डोळे होते, आणि आयुष्यात पहिल्यांदा त्याची जीभ उचलेना. त्याने हात वर केला आणि झोपडीच्या दारातून समोरच्या दुकानाकडे बोट दाखवलं. दाराशी टोपली होती. एक बाई वाकून त्यातले रनर चाळत होती आणि लाल घेऊ की निळा, ते नवऱ्याला विचारत होती.